अंगुलिसंधिच्युती : चिकित्सेचा इतिहास

अंगुलिसंधिच्युती : हाताच्या बोटांच्या किंवा अंगठ्याच्या सांध्यात एकमेकांशी जुळलेली हाडांची टोके आघातामुळे आपल्या जागेवरून सरकणे, यास अंगुलिसंधिच्युती म्हणतात. बोलभाषेत ‘बोट निखळणे’ किंवा ‘बोट उतरणे’ असे शब्दप्रयोग रूढ आहेत. सांध्याच्या पृष्ठभागांचा परस्परसंपर्क काही अंशी टिकून राहिल्यास ती अपूर्ण आणि संपर्क सर्वस्वी तुटल्यास ती पूर्ण संधिच्युती होय. या इजेने जीविताला सहसा धोका पोहोचत नाही. तथापि लेखन, विणकाम, शिवणकाम, वाद्यवादन, शेतीतील कामे यांसारखे हाताचे जवळजवळ सर्व व्यवसाय बोटांची पकड व अंगठ्याची चिमूट यांवर अवलंबून असल्याने चुकीच्या उपचाराने ताठर झालेले एकच बोट माणसाच्या उपजीविकेत बाधा आणू शकते. निखळलेले बोट ओढून बसविण्याची रीत अतिप्राचीन आहे. ती बहुतेक वेळा यशस्वी का होते आणि काही वेळा, विशेषतः अंगठ्याच्या बाबतीत, ओढण्यामुळेच अपाय का होतो, याचा उलगडा होण्यास मात्र एकोणिसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडावा लागला.

शरीररचना : अंगठ्यात दोन व इतर चार बोटांत प्रत्येकी तीन अशी एका हातात एकूण १४ अंगुलास्थी असतात. तळहातातील पाच करभास्थी व बोटांची पहिली अंगुलास्थी यांच्यामध्ये बोटाच्या मुळाशी असलेले पाच सांधे, चार बोटांतील प्रत्येकी दोन व अंगठ्यातील एक आंतर-अंगुलास्थी सांधा असे एकूण १४ सांधे होतात. याशिवाय अंगठ्याची करभास्थी व मनगटातील एक मणिबंधास्थी यांमध्ये खोगिराच्या आकाराचा एक सांधा असून अंगठा इतर बोटांसमोर आणता येतो तो मुख्यत्वे त्याच्यामुळे. प्रत्येक सांध्याच्या दोन्ही बाजूंस बळकट पार्श्वबंध असतात, तर तळहाताकडील बाजूस जाड तंतुमय पट्टिका असते. ही पट्टिका पुढील अंगुलास्थीच्या बुडाशी घट्ट चिकटलेली असून मागील हाडाशी तिची जोडणी तुलनेने दुर्बल असते. बोट मागे वाकण्यास ती अटकाव करते. बोटाच्या टोकावर जोराचा आघात होऊन ते पाठीमागे वाकले म्हणजे पट्टिका फाटते व पुढील हाड मागील हाडाच्या पाठीवर चढते. म्हणूनच बहुतेक अंगुलिसंधिच्युती हाताच्या पाठीच्या दिशेने होतात. हातातील सर्व सांध्यांत बोटाचा मधला सांधा सर्वांत अधिक वेळा निखळतो. अंगठ्याच्या मुळाशी असलेल्या सांध्याच्या पट्टिकेत दोन लहान तिलास्थी बसविलेल्या असतात. पुढे चिकित्सेच्या इतिहासात या वाटाण्याहून लहान हाडांना मोठे महत्त्व प्राप्त झाले.

प्राचीन काळ : ईजिप्तमधील एडविन स्मिथ पपायरस या इ. स. पू. सु. १६०० मधील हस्तलिखितात ४८ रुग्णवृत्ते असून त्यांत निखळलेला जबडा हाताने बसविण्याची कृती दिलेली आहे. या वृत्तांची मांडणी डोक्यापासून खाली येणारी आहे. मजकूर मध्येच खंडित झाल्यामुळे हाताच्या बोटांपर्यंत तो पोहोचत नाही. बोटांच्या संधिच्युतीचे स्पष्ट विवेचन ग्रीक वैद्यकात आढळते. हिपॉक्राटीझ (इ. स. पू. सु. ४६०–३७०) यांच्या नावावर असलेल्या ग्रंथसमूहात सांध्यांविषयीचा एक स्वतंत्र ग्रंथ आहे. त्यात बोटांच्या संधिच्युतीसाठी सरळ रेषेत ओढ देणे, वर आलेल्या हाडावर दाब देणे आणि त्याच वेळी विरुद्ध बाजूने प्रतिदाब देणे, अशी त्रिविध कृती सांगितली आहे. लहानशा बोटावर हाताची पकड टिकत नाही, ही अडचण ग्रंथकर्त्याच्या लक्षात आलेली होती. तीवर उपाय म्हणून खजुरीच्या पात्यांपासून विणलेली नळी सुचविलेली आहे. तिला ‘सरडा’ या अर्थाच्या ग्रीक शब्दाने ओळखले जाई. नळीच्या एका तोंडात बोट घालून दुसरे टोक ओढले की तिची वीण आवळते व बोटावरील पकड ओढीबरोबर घट्ट होत जाते. हेच तत्त्व वापरणारे धातूच्या जाळीचे अंगुलिपाश विसाव्या शतकातील रुग्णालयांत मनगटाचे अस्थिभंग बसविताना हात टांगून ठेवण्यासाठी प्रचारात आले.

त्याच ग्रंथात त्वचा फाटून हाड बाहेर आलेल्या संधिच्युतीविषयी सावधगिरीचा इशारा आहे. अशी संधिच्युती बसवायची झाल्यास पहिल्या किंवा दुसऱ्या दिवशी बसवावी. तिसऱ्या-चौथ्या दिवशी प्रयत्न केल्यास रुग्णास आचके येण्याचा धोका असतो, असे त्यात सांगितले आहे. जंतूंचे ज्ञान नसलेल्या काळात केवळ अनुभवावरून काढलेला हा निष्कर्ष जखमेतील संसर्ग व धनुर्वात यांच्या आजच्या ज्ञानाशी बऱ्याच अंशी जुळतो. इ. स. पू. पहिल्या शतकात सिटियमचे अपोलोनियस यांनी या ग्रंथावर भाष्य लिहिले. त्याची सांधे बसविण्याच्या कृतींची चित्रे असलेली दहाव्या शतकातील प्रत फ्लॉरेन्स येथे जतन केलेली आहे. रोमन ग्रंथकार सेल्सस (इ. स. पहिले शतक) यांनी आपल्या वैद्यकविषयक ग्रंथाच्या आठव्या भागात अस्थिभंग व संधिच्युती यांचा परामर्श घेतला आहे. या सर्व लेखकांच्या मते बोटाची संधिच्युती ओळखण्यास सोपी व बसविण्यासही सुलभ होती. त्यामुळे मोठ्या सांध्यांच्या मानाने तिला ग्रंथांत फारच थोडी जागा मिळाली.

भारतीय परंपरा : सुश्रुतसंहितेच्या काळाविषयी विद्वानांत मतभेद असून तिच्यावर अनेक शतके संस्करणे होत गेली. तिच्या निदानस्थानात भग्नाचे कांडभग्न (हाड मोडणे) व संधिमुक्त (सांधा निखळणे) असे दोन वर्ग केलेले आहेत. संधिमुक्ताचे उत्पिष्ट, विश्लिष्ट, विवर्तित, अवक्षिप्त, अतिक्षिप्त आणि तिर्यक्‌क्षिप्त असे सहा प्रकार मानले आहेत. हाडाची टोके कोणत्या दिशेने व किती सरकली, या निकषावर ही विभागणी मुख्यतः आधारलेली आहे. अवयव पसरण्याची, आखडण्याची व वळविण्याची अक्षमता, तीव्र वेदना आणि स्पर्श सहन न होणे ही संधिमुक्ताची सामान्य लक्षणे दिली आहेत.

चिकित्सास्थानात आंछन (ओढणे), पीडन (दाबणे), संक्षेप (टोके जुळविणे) व बंधन (बांधणे) या चार क्रिया क्रमाने कराव्यात असे सांगितले आहे. निखळलेल्या किंवा मोडलेल्या बोटासाठी वेगळी सूचना आहे : बोट समपातळीत आणून त्यावर बारीक पट्टी गुंडाळावी आणि तुपाचा सेक द्यावा. आधारासाठी वापरावयाच्या कुशा, म्हणजे आजच्या भाषेत बंधफळ्या, मोह, उंबर, पिंपळ, पळस, अर्जुन, वड इ. वृक्षांच्या साली तसेच बांबू यांच्या कराव्यात, असा निर्देश आहे. बंध सैल राहिल्यास सांधा स्थिर होत नाही आणि फार आवळल्यास सूज, वेदना व पू होण्याचा संभव असतो; म्हणून तो मध्यम ताणाचा असावा आणि थंडीत सात, समशीतोष्ण काळात पाच व उन्हाळ्यात तीन दिवसांनी बदलावा, असेही सांगितले आहे. विशेष म्हणजे तळहाताच्या इजेनंतर रुग्णाने प्रथम मातीचा गोळा, नंतर मिठाचा खडा आणि हातात बळ आल्यावर दगड धरण्याचा सराव करावा, असा क्रम त्यात दिलेला आहे. हाड बसले म्हणजे उपचार संपला असे न मानता हाताची पकड परत मिळविणे हाही चिकित्सेचाच भाग आहे, ही जाणीव येथे स्पष्ट दिसते. वाग्भटांच्या अष्टांगहृदयातील उत्तरस्थानात हाच विषय संक्षेपाने आलेला आहे.

महाराष्ट्रात व भारताच्या इतर प्रांतांत हाडे व सांधे बसविण्याचे कौशल्य हाडवैद्यांच्या घराण्यांतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आले. साध्या संधिच्युतीत त्यांच्या हाताला अनेकदा यश येई. तथापि सांध्याजवळील हाडाचा तुकडा मोडला आहे की नाही, हे केवळ स्पर्शाने ठरविणे शक्य नसे. तसेच बांबूच्या कामट्या घट्ट आवळून बांधल्यामुळे रक्तपुरवठा थांबून बोटे किंवा हात कायमचे निकामी झाल्याची उदाहरणे भारतातील रुग्णालयांत आढळत आली आहेत. अतिघट्ट बंधाविषयी सुश्रुतसंहितेत दिलेला इशारा व्यवहारात विसरला गेल्याचेच हे द्योतक होय.

मध्ययुग व प्रबोधनकाळ : सातव्या शतकातील ईजायनाचे पॉल यांनी ग्रीक परंपरेचे सार आपल्या ग्रंथात ग्रथित केले. कॉर्दोव्हाजवळील अल्-झहरावी (सु. ९३६–१०१३) यांच्या बृहद्‌ग्रंथाच्या तिसाव्या भागात शस्त्रक्रियेचे विवेचन असून त्याचा एक खंड अस्थिभंग व संधिच्युती यांना वाहिलेला आहे. त्याच्या लॅटिन भाषांतरामुळे हे ज्ञान यूरोपात परतले. फ्रेंच शल्यचिकित्सक आंब्र्वाझ पारे (सु. १५१०–९०) यांनी हा विषय लॅटिनऐवजी फ्रेंच भाषेत मांडल्याने तो सामान्य शस्त्रवैद्यांना उपलब्ध झाला. या दीर्घ काळात उपचारांचे तत्त्व मात्र बदलले नाही. ओढ, दाब व बंध हीच त्रयी कायम राहिली आणि सांधा बसला नाही तर ओढ अपुरी पडली, असाच निष्कर्ष काढला जाई.

अंगठ्याचा प्रश्न : एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मोठ्या शहरांतील रुग्णालये व शवविच्छेदनाची सोय यांमुळे संधिच्युतींचा पद्धतशीर अभ्यास सुरू झाला. इंग्‍लंडमध्ये अ‍ॅस्टली कूपर (१७६८–१८४१) यांचा संधिच्युतींवरील ग्रंथ १८२२ मध्ये प्रसिद्ध झाला. फ्रान्समध्ये झोझेफ फ्रांस्वा मालगेन्य (१८०६–६५) यांनी १८४७–५५ या काळात अस्थिभंग व संधिच्युती यांवरील आपला विस्तृत ग्रंथ पूर्ण केला. अंगठ्याच्या मुळाचा सांधा पाठीमागे निखळला असता तो बसविणे विलक्षण अवघड असते, हे या काळातील शल्यचिकित्सकांना चांगलेच ठाऊक होते. खांद्यासारखा मोठा सांधा बसविणारे निष्णात हात या दोन इंची हाडापुढे हतबल होत. अंगठ्याला ओले चामडे गुंडाळून त्यावर नाडीची गाठ मारणे, अनेक माणसांकरवी ओढ देणे, कप्पी लावणे, पकडीच्या साहाय्याने अंगठा धरणे असे उपाय योजले जात. अतिरेकी ओढीने त्वचा सोलवटल्याच्या, इतकेच नव्हे तर अंगठ्याचे पेरच तुटून हातात आल्याच्याही नोंदी आहेत. हे सर्व भूल न देता करण्यात येई. अखेर सांधा तसाच सोडून दिल्यास रुग्णास दुबळ्या चिमटीनिशी आयुष्य काढावे लागे.

अडथळा नेमका कशाचा, याविषयी मतांतरे होती. करभास्थीचे डोके दोन पार्श्वबंधांच्या कात्रीत सापडते, असे काहींचे म्हणणे होते. अंगठ्याच्या आखूड स्नायूंची दोन मुळे हाडाची मान आवळून धरतात, असे इतर काहींना वाटे. तर तळहाताकडील पट्टिका फाटून सांध्यात अडकते, असा तिसरा पक्ष होता. पहिल्या मताला अनुसरून त्वचेखालून अरुंद पात्याने पार्श्वबंध कापण्याचाही प्रयत्न होई. मृतदेहांच्या अंगठ्यांवर प्रयोग करून या वादाचा निर्णय लावण्याचे श्रेय मुख्यत्वे फ्रेंच शरीररचनाशास्त्रज्ञ व शल्यचिकित्सक ल्वी-युबेअर फाराबफ (१८४१–१९१०) यांच्याकडे जाते. त्यांनी १८७६ मध्ये पॅरिसमधील शल्यचिकित्सकांच्या संस्थेपुढे आपले विवेचन मांडले.

फाराबफ यांनी अंगठ्याच्या या संधिच्युतीचे अपूर्ण, साधी पूर्ण व गुंतागुंतीची असे तीन प्रकार केले आणि ते ओळखण्यासाठी तिलास्थींच्या जागेचा आधार घेतला. तिलास्थी पट्टिकेतच रुतलेल्या असल्याने त्या जेथे जातात तेथे पट्टिकाही जाते. साध्या पूर्ण प्रकारात अंगुलास्थी करभास्थीच्या पाठीवर जवळजवळ काटकोनात उभी राहते आणि पट्टिका तिच्या बुडाला चिकटून तिच्यापुढे असते. हे चित्र पाहण्यास भयंकर वाटले तरी सांधा अजून सहज बसण्याजोगा असतो. या अवस्थेत अंगठा सरळ करून जोराने ओढला, तर फाटलेली पट्टिका तिलास्थींसह उलटून दोन हाडांच्या मध्ये सरकते. मग अंगठा करभास्थीला जवळजवळ समांतर होतो, विद्रूपता कमी दिसते व सुधारणा झाल्याचा भास होतो. प्रत्यक्षात मात्र साध्या संधिच्युतीचे गुंतागुंतीच्या संधिच्युतीत रूपांतर झालेले असते. सांधा बसविणाराच तो न बसण्यास कारणीभूत होत असे, ही या संशोधनाची सर्वांत महत्त्वाची फलश्रुती होय.

त्यानुसार फाराबफ यांनी उपचाराची रीतच उलटी केली. अंगठा ओढावयाचा नाही. तो आहे त्याहून किंचित अधिक मागे वाकवावा, अंगुलास्थीचे बूड करभास्थीच्या पाठीवर दाबून धरावे, दोन्ही हाडांचा स्पर्श क्षणभरही सुटू न देता ते बूड पुढे सरकवीत न्यावे आणि डोक्याच्या कडेवर आल्यावर अंगठा मिटवावा. असे केल्याने अंगुलास्थीचे बूड पट्टिकेला आपल्यापुढे ढकलीत नेते व ती मध्ये अडकत नाही. मनगट वाकवून कंडरा सैल कराव्यात, ही पुढील काळात पडलेली भर होय. या कृतीला बळ फार थोडे लागते आणि आजही तिच्या तत्त्वात बदल झालेला नाही.

बेनेट यांचा अस्थिभंग : अंगठ्याच्या बुडाशी असलेल्या खोगिरी सांध्याची संधिच्युती बहुधा अस्थिभंगासह होते. डब्लिन येथील शल्यचिकित्सक एडवर्ड हॅलरन बेनेट (१८३७–१९०७) यांनी १८८२ मध्ये हाडांच्या नमुन्यांच्या आधारे या इजेचे वर्णन केले. करभास्थीच्या बुडाचा एक लहानसा तुकडा अस्थिबंधामुळे जागेवर राहतो आणि उरलेले हाड स्नायूंच्या ओढीने बाहेर व वर सरकते. ओढ दिल्यावर हाड सहज जागेवर येते, पण सोडताच पुन्हा सरकते. त्यामुळे पूर्वी ही इजा केवळ लचक म्हणून दुर्लक्षिली जात असे. हाड बसविण्यापेक्षा ते टिकवून धरणे येथे कठीण असते. या अडचणीवर १९५० मध्ये चार्ल्स वॅग्नर यांनी त्वचेतून तार घालून हाड स्थिर करण्याची पद्धत वर्णन केली. ती पुढे सर्वत्र रूढ झाली.

भूल, निर्जंतुकीकरण व क्ष-किरण : बॉस्टन येथे १६ ऑक्टोबर १८४६ रोजी ईथर देऊन केलेल्या शस्त्रक्रियेच्या जाहीर प्रात्यक्षिकानंतर भुलीचा प्रसार झपाट्याने झाला, १८४७ मध्ये क्लोरोफॉर्मची भर पडली. स्नायू शिथिल झाल्याने सांधे बसविणे सुकर झाले व क्रूर ओढीची गरज उरली नाही. कार्ल कॉलर (१८५७–१९४४) यांनी १८८४ मध्ये कोकेनाचा स्थानिक बधिरता आणण्याचा गुण सिद्ध केला आणि लवकरच बोटाच्या बुडाशी तंत्रिकांभोवती औषध टोचून केवळ तेवढेच बोट बधिर करणे शक्य झाले. १९४३ मध्ये संश्लेषित झालेल्या लिडोकेन या औषधाने कोकेनाच्या वर्गातील जुन्या औषधांची जागा घेतली. जोसेफ लिस्टर (१८२७–१९१२) यांनी १८६७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या जंतुविरोधी पद्धतीमुळे सांधा उघडून अडथळा दूर करण्याचे धाडस करता येऊ लागले. तत्पूर्वी उघड्या सांध्याची परिणती अनेकदा पू होऊन अंगच्छेदनात होई.

व्हिल्हेल्म कोनराट रंटगेन (१८४५–१९२३) यांनी नोव्हेंबर १८९५ मध्ये क्ष-किरणांचा शोध लावला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये आपल्या पत्नीच्या हाताचे छायाचित्र घेतले. क्ष-किरणांनी टिपलेल्या मानवी शरीराच्या आद्य चित्रांत बोटांचे सांधेच होते, हा योगायोग लक्षणीय आहे. [→ क्ष-किरण]. या साधनामुळे संधिच्युतीबरोबर अस्थिभंग आहे की नाही हे निश्चित ठरविता येऊ लागले. फाराबफ यांनी विच्छेदनाने सिद्ध केलेली तिलास्थींची खूणही जिवंत रुग्णात दिसू लागली : रुंदावलेल्या सांध्याच्या फटीत तिलास्थी दिसल्यास पट्टिका मध्ये अडकली आहे व नुसत्या हाताने सांधा बसण्याची शक्यता कमी आहे, असे समजतात. तळहाताच्या त्वचेवर पडलेली खळी ही गुंतागुंतीच्या संधिच्युतीची आणखी एक खूण होय.

विसावे शतक : दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या सैन्यासाठी हाताच्या इजांची स्वतंत्र उपचारकेंद्रे उभारण्यात आली. त्यामागे स्टर्लिंग बनेल (१८८२–१९५७) यांची प्रेरणा होती. त्यांचा हाताच्या शस्त्रक्रियेवरील ग्रंथ १९४४ मध्ये प्रकाशित झाला आणि या शाखेस स्वतंत्र स्थान मिळाले. अस्थी, कंडरा, तंत्रिका व त्वचा या सर्वांचा विचार एकाच शल्यचिकित्सकाने करावा, हा त्यांच्या भूमिकेचा गाभा होता.

तर्जनीच्या मुळाचा सांधा निखळला असता तोही काही वेळा हटवादीपणे बसत नाही. एमॅन्युएल कॅप्लन यांनी १९५७ मध्ये याचे शारीर कारण विशद केले. करभास्थीचे डोके तळहाताकडे घुसते तेव्हा त्याच्या एका बाजूस कृमिसम स्नायू, दुसऱ्या बाजूस बोट मिटविणाऱ्या कंडरा व वर-खाली तळहातातील आडवे तंतुपट्ट येतात. काजातून बाहेर आलेल्या बटणाप्रमाणे डोके या चौकटीत अडकते आणि पट्टिका त्याच्यावर झापडीसारखी बसते. बोट ओढल्यास ही चौकट अधिकच आवळते. कॅप्लन यांनी तळहाताच्या बाजूने छेद घेऊन ती सोडविण्याची शस्त्रक्रिया सांगितली. या मार्गात एक धोका असतो. बोटाच्या कडेची तंत्रिका हाडाच्या डोक्यावर ताणली जाऊन थेट त्वचेखाली आलेली असते व पहिल्याच छेदात ती कापली जाऊ शकते. हा धोका टाळण्यासाठी बेक्टन व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७५ मध्ये हाताच्या पाठीकडून छेद घेऊन पट्टिका उभी चिरण्याची सोपी पद्धत मांडली. दोन्ही मार्ग आजही प्रचलित आहेत.

अंगठ्याच्या आतील बाजूचा पार्श्वबंध तुटणे ही संधिच्युतीशी निगडित अशी इजा होय. सी. एस. कॅम्बेल यांनी १९५५ मध्ये स्कॉटलंडमधील शिकारराखण करणाऱ्या लोकांत हा बंध सैल झाल्याचे दाखविले; अंगठा व तर्जनी यांमध्ये धरून सशांची मान मोडण्याच्या नित्याच्या कामामुळे तो हळूहळू ताणला जाई. स्वीडनमधील बर्टिल स्टेनर यांनी १९६२ मध्ये असे निदर्शनास आणले की, बंध तुटल्यावर त्याचे टोक अनेकदा शेजारच्या स्नायूच्या पातळ कंडरापटलाच्या वर येऊन दुमडते. पटल मध्ये आल्याने तुटलेली टोके एकमेकांस भेटू शकत नाहीत आणि कितीही दिवस बांधून ठेवले तरी बंध जुळून येत नाही. अशा रुग्णांत शस्त्रक्रिया अपरिहार्य ठरते. पुढे बर्फावरील घसरखेळात हातातील काठीमुळे होणारी हीच इजा अधिक प्रमाणात आढळू लागली.

बोटाच्या मधल्या सांध्याचा प्रश्न निराळा आहे. तो बसविणे बहुधा सोपे असते, पण नंतर तो ताठरतो. बोट सरळ फळीवर अनेक आठवडे बांधून ठेवण्याची जुनी रीत या दोषास कारणीभूत होती. मॅकेल्फ्रेश, डॉबिन्स व ओब्रायन यांनी १९७२ मध्ये एक वेगळी बंधफळी प्रसिद्धीस आणली. बोट पूर्ण सरळ होऊ न देता मिटण्याची मात्र मुभा देणारी ही बंधफळी अस्थिभंगासह झालेल्या संधिच्युतीत सांधा पुन्हा निखळू देत नाही आणि त्याची हालचालही चालू ठेवते. दर आठवड्याला तिचा कोन थोडा थोडा सरळ करतात. हाडाचा मोठा भाग चुरलेला असल्यास तळपट्टिकाच पुढे ओढून सांध्याचा पृष्ठभाग पुन्हा घडविण्याची शस्त्रक्रिया ईटन व मॅलेरिच यांनी १९८० मध्ये वर्णन केली. तारा व रबरी कड्या यांच्या साहाय्याने सतत ओढ ठेवून त्याच वेळी सांधा हलविण्याची सुझुकी व त्यांच्या सहकाऱ्यांची पद्धत १९९४ मध्ये पुढे आली. खजुरीच्या पात्यांच्या नळीपासून सुरू झालेली ओढीची कल्पना येथे नव्या रूपात दिसते. मात्र ओढ आता क्षणिक व जबरदस्त नसून सौम्य व दीर्घकालीन असते.

भारतात मुंबईचे अस्थिशल्यचिकित्सक डॉ. बी. बी. जोशी यांनी विकसित केलेली बाह्य स्थिरीकरणाची पद्धत हाताच्या इजांत मोठ्या प्रमाणावर वापरली गेली. बारीक तारा, सळ्या व त्यांना जोडणाऱ्या लहान कड्या अशी तिची सुटसुटीत रचना असते. त्वचेबाहेर राहणाऱ्या या चौकटीने सांध्यावर हवी तेवढी ओढ देता येते आणि जखमही उघडी राहून तिची देखभाल करता येते.

आधुनिक चिकित्सा : आज निखळलेल्या बोटाचे शक्यतो प्रथम क्ष-किरण चित्र घेतात, बोट बधिर करतात व मग ते सावकाश बसवितात. मधल्या सांध्यासाठी किंचित ओढ व बुडावर दाब पुरेसा असतो. मुळाच्या सांध्यासाठी, विशेषतः अंगठा व तर्जनी यांत, ओढ न देता सरकविण्याची कृती करतात. बसविल्यानंतर रुग्णास स्वतः बोट हलविण्यास सांगून सांधा स्थिर राहतो का हे पाहतात व पुन्हा क्ष-किरण चित्र घेतात. स्थिर सांध्याच्या बाबतीत जखमी बोट शेजारच्या बोटाला चिकटपट्टीने जोडतात आणि लवकर हालचाल सुरू करतात. शेजारचे सुदृढ बोट येथे बंधफळीचे व व्यायामाचे दोन्ही काम करते. हात काही काळ स्थिर ठेवणे भाग पडल्यास मुळाचे सांधे वाकलेले व पुढील सांधे सरळ अशी स्थिती ठेवतात. मुळाच्या सांध्याचे पार्श्वबंध वाकलेल्या स्थितीत ताणलेले असल्याने ते आखडत नाहीत. एडिंबरो येथील जे. आय्. पी. जेम्स यांनी १९७० च्या सुमारास या स्थितीचा पुरस्कार केला.

बोट तळहाताच्या दिशेने निखळले असल्यास विशेष दक्षता घ्यावी लागते. अशा वेळी बोट सरळ करणाऱ्या कंडरेचा मधला पट्टा तुटलेला असण्याचा संभव असतो. तो ओळखला न गेल्यास काही आठवड्यांनी मधला सांधा कायमचा वाकतो व टोकाचा सांधा मागे वळतो. टोकाच्या सांध्यावरील त्वचा घट्ट असल्याने तेथील संधिच्युती पुष्कळदा जखमेसह होते. तेव्हा जखमेची स्वच्छता व धनुर्वातप्रतिबंध यांना प्राधान्य देतात.

बधिरीकरणाच्या तंत्रातही बदल झाला आहे. बोटात अ‍ॅड्रेनॅलीनयुक्त बधिरक टोचल्यास रक्तपुरवठा थांबून बोट मरते, असा इशारा पाठ्यपुस्तकांत दीर्घकाळ दिला जाई. कॅनडातील डोनल्ड लालाँड व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००५ मध्ये ३,११० रुग्णांचा अनुभव प्रसिद्ध करून, योग्य प्रमाणात वापरल्यास हे औषध सुरक्षित असल्याचे दाखविले. त्यामुळे दंडावर दाबपट्टा न बांधता व रुग्ण पूर्ण जागा असताना शस्त्रक्रिया करता येते. दुरुस्त केलेला सांधा रुग्णाने शस्त्रक्रियेच्या टेबलावरच हलवून दाखविला म्हणजे तो स्थिर आहे की नाही याची खात्री जखम शिवण्यापूर्वी पटते.

कबड्डी, क्रिकेट, व्हॉलीबॉल यांसारख्या खेळांत बोट निखळण्याचे प्रसंग वारंवार येतात आणि मैदानावरच कोणीतरी ते ओढून बसविण्याचा प्रघात आजही आढळतो. मधल्या सांध्याच्या बाबतीत त्यात अनेकदा यश येते. तथापि अस्थिभंग लपून राहणे, तुटलेला बंध लक्षात न येणे आणि मुळाच्या सांध्यात पट्टिका अडकणे, हे तिन्ही धोके त्यात असतात. म्हणून प्रथमोपचार करणाऱ्याने बोट आहे त्या स्थितीत आधार देऊन बांधावे, अंगठी असल्यास सूज वाढण्यापूर्वी काढून घ्यावी, बर्फाचा शेक द्यावा व रुग्णास त्वरित चिकित्सकाकडे पाठवावे. काही आठवडे निखळलेल्या स्थितीत राहिलेला सांधा आखडलेल्या बंधांमुळे हाताने बसविता येत नाही. शस्त्रक्रियेनंतरही त्याची हालचाल क्वचितच पूर्ववत होते. वेळेवर व योग्य रीतीने बसविलेल्या साध्या संधिच्युतीत बोट बहुधा पूर्ण कार्यक्षम होते. सांध्याची सूज व थोडा जाडपणा मात्र अनेक महिने, काही वेळा कायमचा राहतो. [→ अस्थिभंग, प्रथमोपचार].